नऊ नंबर गटाची गहाळ फाइल

तोमोहोन शहरातल्या चर्चच्या नऊ नंबर गटाच्या बैठकीत अल्फ्रित्स मामुआयांनी हात वर केला, तो खरं म्हणजे आणखी एक बियापोंग मागण्यासाठी. खिम्याचं सारण भरलेले ते वाफाळते पाव टेबलाच्या पार दुसऱ्या टोकाला होते आणि तिथे बसलेल्या ओपा डोल्फीचा, म्हणजे डोल्फीआजोबांचा, हात काही थांबत नव्हता. नेमकं त्याच क्षणी गटाचा गाण्याचा वृंद चालवणाऱ्या एंची डीचे विचारत होत्या, "मग हे कॉम्प्युटरचं काम कोण अंगावर घेतंय?"

टाळ्या पडल्या. कुणीतरी "वा, फ्रित्स!" म्हणालं. फ्रित्सच्या बायकोने, युल्चेने, डोळे मिटून घेतले. चौतीस वर्षं जमीन मोजणी कार्यालयात काढलेला माणूस वर गेलेला हात खाली घेत नसतो. फार तर तो हात केसांवरून फिरवतो, आणि फ्रित्सच्या डोक्यावर तीही सोय उरली नव्हती.

काम तसं एवढंसं होतं. दर वर्षी चर्चच्या सगळ्या गटांच्या ज्येष्ठ मंडळींची समूहगायनाची स्पर्धा होई. नऊ नंबरच्या वृंदात चौदा गळे होते आणि त्यांचं मिळून वय हजाराच्या आसपास जात होतं. गेल्या वर्षी ते शेवटून पहिले आले होते. या वर्षी आयोजन समितीने परिपत्रक काढलं होतं : गाण्याचं स्वरलेखन हाताने लिहिलेलं चालणार नाही, कॉम्प्युटरवर केलेलं हवं, पाच प्रती, गटाच्या शिक्क्यासह. आणि नऊ नंबरचं गाणं होतं सुगीच्या आभाराचं, एंची डीचेंच्या दिवंगत नवऱ्याने, लासुत गुरुजींनी रचलेलं. त्याचा एकुलता एक कागद गुरुजींच्या हातचा होता, पेन्सिलीने आकडे लिहिलेला. एक म्हणजे दो, दोन म्हणजे रे, आकड्यावर टिंब असलं की वरचा सूर, खाली असलं की खालचा. कागद घडीवर इतका झिजला होता की एंची तो उघडताना श्वास धरत.

"दोन दिवसांत देतो," फ्रित्स म्हणाला. "कॉम्प्युटरला काय, आकडे तर घालायचेत!"

हे वाक्य कुंपणापलीकडे पोचलं. कुंपणापलीकडे बर्ती कालालो राहत. ते दहा नंबर गटाचे म्होरके, गेली तीन वर्षं स्पर्धेचे विजेते, आणि शिवाय वस्तीचे प्रमुखही. देवाने एकाच माणसाला एवढं का द्यावं, हा प्रश्न फ्रित्सने पास्टरांनाही एकदा विचारला होता.

मुलीने मागे ठेवलेला जुना लॅपटॉप फ्रित्सने जेवणाच्या टेबलावर मांडला. स्वरलेखनाचा प्रोग्रॅम त्यावर आधीपासून होता. फ्रित्सने चष्मा पुसला, बाही वर केली आणि चित्रावर दोनदा टिचकी मारली. पडद्यावर एक करडी पाटी आली : "लायब्ररी फाइल एसएनडी-३२ सापडत नाही. प्रोग्रॅम सुरू करता येत नाही." खाली एकच बटण होतं, "ठीक आहे." सगळ्यात जास्त राग त्याला याच बटणाचा आला. काहीही ठीक नसताना माणसाकडून ते ठीक असल्याचं वदवून घ्यायचं, ही पद्धत त्यांच्या कार्यालयातही होती, पण तिथे निदान खाली शेरा लिहायला जागा असे.

संध्याकाळपर्यंत बातमी गल्लीत पसरली आणि सल्लागार जमले. शेजारच्या मावशी, तांते नोनी, कुंपणावरून वाकून म्हणाल्या, "बंद करून चालू केलंस का?" केलं होतं. "मग चालू करून बंद कर." ओपा डोल्फी स्वतः येऊन लॅपटॉपला दोन्ही बाजूंनी थापट्या मारून गेला, कारण त्याचा टीव्ही तसाच सुधारला होता. एकाने सुचवलं की तो तांदळाच्या डब्यात पुरून ठेवावा, फोन पाण्यात पडला की ठेवतात तसा. युल्चे म्हणाली, "तांदळाच्या डब्याला हात लावलास तर उद्या जेवायला लॅपटॉप वाढीन."

आणि मग कुंपणावरून बर्ती कालालोंचं डोकं उगवलं.

"काय फ्रित्स, फाइल हरवली म्हणे?"

"हरवली नाही. सापडत नाहीये."

"तेच ते! मोजणी कार्यालयातली सवय गेली नाही वाटतं अजून!"

हे मात्र लागलं. चौतीस वर्षांत फ्रित्सच्या टेबलावरून एकही फाइल गहाळ झाली नव्हती. उशीर झाला असेल. एका प्रकरणात एकोणीस वर्षं झाला होता, पण ती फाइल त्या एकोणीस वर्षांत रोज जागच्या जागी होती. त्या रात्री त्याला झोप लागली नाही. सकाळी उठून त्याने ती पाटी पुन्हा वाचली, आणि या वेळी सरकारी नजरेने वाचली. "लायब्ररी फाइल सापडत नाही." यात न समजण्यासारखं काय होतं? फाइल लायब्ररीची आहे. म्हणजे ती लायब्ररीत असणार.

त्याने ठेवणीतला बाटिक शर्ट काढला आणि शहराचं ग्रंथालय गाठलं.

खिडकीतल्या कारकुनाने त्याचं म्हणणं नीट ऐकून घेतलं, कारण ते ऐकून घेण्यात त्याचा काहीच तोटा नव्हता. "सभासद आहात?" नव्हता. "सभासद नसलेल्यांना फायली दाखवत नाही." सभासद होण्यासाठी रहिवासाचा दाखला. तो देणार वॉर्ड कार्यालय. वॉर्ड कार्यालयाला हवी वस्तीप्रमुखाची सही. आणि वस्तीप्रमुख होते बर्ती कालालो.

दोन दिवस फ्रित्स सहीशिवाय जगता येईल का याचा विचार करत होता. तिसऱ्या दिवशी गेला. बर्तींनी त्याला खुर्ची दिली, कॉफी दिली, तळलेली केळी आणि मिरचीची चटणी पुढे केली, म्हणजे सूड घ्यायला पुरेसा वेळ मिळावा. मग दाखल्याचा कागद पुढे ओढून "प्रयोजन" या रकान्यात त्यांनी सुवाच्य अक्षरात लिहिलं, "हरवलेली एक फाइल शोधणे," आणि शिक्का इतका जोरात मारला की बशीतली केळी उडाली. तो कागद वॉर्ड कार्यालयात चार टेबलांवरून फिरला, आणि प्रत्येक टेबलावरच्या माणसाने तो वाचून मान वर करून फ्रित्सकडे बघितलं.

शेवटी सभासदकार्डासह, विषय आणि संदर्भ घालून लिहिलेला रीतसर अर्ज घेऊन तो मुख्य ग्रंथपालबाईंसमोर बसला. इबू नोर्मा पन्नाशीच्या होत्या, चष्मा साखळीत अडकवलेला. त्यांनी अर्ज वाचला. "विषय : लायब्ररी फाइल क्रमांक एसएनडी-३२ परत मिळणेबाबत." त्यांनी तो पुन्हा वाचला. "एक मिनिट हं, ओपा," असं म्हणून त्या आतल्या खोलीत गेल्या. आतून काही वेळ खोकल्यासारखा आवाज येत राहिला. परत आल्या तेव्हा त्यांचे डोळे पाणावलेले होते.

"तब्येत बरी आहे ना?" फ्रित्सने काळजीने विचारलं.

"अगदी. ओपा, तुमच्या शेतात मापालुस करायचे ना पूर्वी?"

"करायचे म्हणजे! आज माझं शेत, उद्या तुझं. सगळ्यांनी मिळून खणायचं."

"मग झालं तर. हा तुमचा गाण्याचा प्रोग्रॅम आहे ना, त्याला स्वतःला आवाज काढता येत नाही. त्याला फक्त स्वर मांडता येतात. आवाज काढायचा असला की तो शेजाऱ्याला हाक मारतो. तो शेजारी म्हणजे ही फाइल. दहा प्रोग्रॅम तिलाच बोलावतात, म्हणून तिला लायब्ररी म्हणतात. ती इथल्या कपाटात नसते, तुमच्याच मशिनमध्ये असते. आता ती घर सोडून गेलीय एवढंच."

 चार टेबलं, सात शिक्के आणि बर्तीची केळी फ्रित्सच्या डोळ्यांसमोरून गेली. मग त्याने विचारलं, "म्हणजे अर्ज नामंजूर?"

इबू नोर्मांनी त्याच्याकडे बघितलं. त्यांनी पेन उचललं, अर्जावर "मंजूर" असं लिहून सही केली, आणि ग्रंथालयाच्या कॉम्प्युटरवरून ती फाइल एका पेनड्राइव्हवर उतरवून दिली. "आमचं मशिन जुनं आहे, फाइलही जुनीच असेल. पण चालेल बहुतेक."

फ्रित्सने त्या दिवसापासून इबू नोर्मांविषयी कुणी काही वावगं बोललेलं खपवून घेतलं नाही. कुणी बोलतही नव्हतं, तो भाग वेगळा.

प्रोग्रॅम उघडला. पडद्यावर कोरा कागद आला तेव्हा युल्चेही हातातली पळी घेऊन बघायला आली. दोन दिवस खपून फ्रित्सने गुरुजींचे आकडे एकेक करून घातले, प्रत छापली आणि तालमीला नेली. आता पहिली फाइल आपल्याबरोबर दुसरीची मागणी घेऊन आली होती, हे त्याला कुठे ठाऊक! टिंबं काढणारी फाइल वेगळी असते आणि तीही घर सोडून गेली होती. कागदावर जिथे जिथे टिंब हवं, तिथे तिथे प्रश्नचिन्ह छापलं गेलं होतं. ओपा डोल्फी खर्जात गाणारा, शिस्तीचा माणूस. त्याने समोर आलं ते गायलं. प्रत्येक सुराच्या शेवटी आवाज वर उचलून, जणू देवाला विचारतोय : पीक आलं? आभार मानू? नक्की?

एंची डीचेंनी ताल धरायची काठी खाली ठेवली. "फ्रित्स, हे आभाराचं गाणं आहे की उलटतपासणी?"

मग टिंबांची फाइल आणली. ती म्हणाली, माझ्याबरोबर अमुक असल्याशिवाय मी बसणार नाही. अमुक आणली, तिला तमुक हवी. लग्नात मानाच्या मावशीला बोलवावं आणि तिने आपल्या नणंदेच्या जावेसाठी अडून बसावं, तसला प्रकार. इबू नोर्मा फोन उचलताच म्हणू लागल्या, "आता कोण रुसलंय, ओपा?" सहा फायली झाल्या आणि एका दुपारी छपाईयंत्रातून टिंबं आली. वरची वर, खालची खाली. फ्रित्सने तो कागद उन्हात धरून बघितला, नोट खरी आहे का बघतात तसा.

समितीच्या कारकुनाने पाच प्रती परत केल्या, कारण डावीकडचा समास पाव बोट कमी होता. इतरांनी अशा वेळी त्रागा केला असता. फ्रित्सने पट्टी लावून स्वतः मोजलं, समास खरंच कमी होता, आणि त्याच्या मनात त्या कारकुनाबद्दल आदर दाटून आला. असे लोक आता राहिले नाहीत, असं तो युल्चेला म्हणाला. "एक राहिलाय," युल्चे म्हणाली, "आणि माझं जेवणाचं टेबल अडवून बसलाय."

प्रती स्वीकारल्या गेल्या. इथे थांबला असता तर गोष्ट संपली असती. पण प्रोग्रॅमला आता आवाज फुटला होता. फ्रित्सच्या लक्षात आलं की बटण दाबलं की तो प्रत्येकाची ओळ वाजवून दाखवतो, आणि ती फोनवर पाठवताही येते. एका संध्याकाळी त्याने स्वतःसकट चौदा जणांना चौदा ओळी धाडल्या आणि खाली लिहिलं, "रोज तीनदा ऐकणे. जेवणानंतर."

मंडळींनी औषधासारखं मनावर घेतलं. पण तिसऱ्या दिवशी ओपा डोल्फी तक्रार घेऊन आला.

"फ्रित्स, गाणं पळतंय रे. आणि माझा खर्ज पोटातून निघून गळ्यात आलाय."

"कॉम्प्युटर चुकत नाही, डोल्फी. गळे चुकतात. तीस वर्षं आपण आळसाने गात आलो."

"पण आपली ओमा नोन्चे म्हणते की वरचा सूर लावताना तिला टाचा उचलाव्या लागतात."

"मग उचलाव्यात! गुडघ्यांना व्यायाम होईल."

चूक काय होती ते नंतर कळलं. ग्रंथालयाची ती आवाजाची फाइल जुन्या हिशोबाची होती. ती सूर ज्या वेगाने देई, त्याहून जास्त वेगाने हा लॅपटॉप ते वाजवत होता. त्यामुळे गाणं थोडं जलद झालं, आणि जलद झालं म्हणून सगळंच्या सगळं वर सरकलं. पांढरी चारमध्ये लिहिलेलं गाणं काळी तीन आणि पांढरी पाच यांच्या मध्येच कुठेतरी जाऊन उभं राहिलं होतं. पण तेव्हा हे कुणालाच माहीत नव्हतं, निदान फ्रित्सला तसं वाटत होतं. एंची डीचे तालमीत काही बोलल्या नाहीत. पहिल्या दिवशी त्यांनी कपाळाला आठ्या घातल्या, पर्समध्ये हात घालून काहीतरी चाचपलं, मग पर्स मिटली आणि म्हणाल्या, "पुन्हा एकदा. जसं फोनवर आहे तसं."

आणि एक गंमत झाली. तालमीला आजवर खुर्च्यांवर बसून गाणारी माणसं उभी राहू लागली. बसून तो सूर लागतच नव्हता. वृंदातली आजी ओमा नोन्चे सकाळी टेकडीवर चालायला जाऊ लागली, श्वास पुरावा म्हणून. मंडळी आल्याचा सराबा पिऊन गळे शेकू लागली. मधल्या सुट्टीत बियापोंग उरू लागले, कारण भरल्या पोटी ते गाणं गाता येत नसे. ओपा डोल्फीने दोन संध्याकाळी खाल्ले नाहीत तेव्हा युल्चेने त्याच्या बायकोला फोन करून प्रकृतीची चौकशी केली.

स्पर्धेच्या दिवशी सभागृह गच्च भरलं होतं. दहा नंबरची मंडळी निळ्या रेशमी शर्टांत आली आणि सुरेख गायली. नेहमीसारखीच सुरेख. पहिल्या रांगेतल्या एका ओपांना डुलकी लागली. नंतर नऊ नंबर. पडद्यामागे सगळ्यांनी शेवटचं एकदा फोन कानाला लावले, म्हणजे सूर कानात राहावा.  आपलं हसं होईल, आणि तेही बर्तीसमोर, हा विचार मनात आला तेव्हा फ्रित्सला एकोणीस वर्षं त्या फाइलची वाट बघणाऱ्या शेतकऱ्याची प्रथमच कीव आली.

एंचींची काठी हलली.

चौदा म्हाताऱ्या गळ्यांतून ते गाणं सुटलं ते डोंगरावरून पाणी सुटावं तसं. कुणाला ओढण्याची, रेंगाळण्याची सवडच नव्हती. डोल्फीचा आवाज पोटातून नव्हे, छातीतून येत होता आणि त्यात कधी नव्हे ती धार होती. शेवटच्या कडव्यात ओमा नोन्चेने टाचा उचलल्या आणि तो वरचा सूर धरला, आणि धरून ठेवला. डुलकी लागलेले ओपा उठून बसले, मग उठून उभेच राहिले. त्यांच्यामागे रांग उठली, रांगेमागे सभागृह. फ्रित्स गात होता, पण स्वतःचा आवाज त्याला वेगळा ऐकू येत नव्हता. असं आयुष्यात पहिल्यांदाच होत होतं.

टाळ्या थांबायच्या आत बर्ती कालालो परीक्षकांच्या टेबलापाशी पोचले होते. लेखी तक्रार, तीही शिक्क्यासह. नऊ नंबरने दिलेल्या कागदात पट्टी पांढरी चार आहे आणि ते गायले भलत्याच पट्टीत. सबब त्यांना बाद करावं.

मनाडोहून आलेल्या मुख्य परीक्षकबाईंनी एंचींना आणि फ्रित्सला बोलावलं. त्यांनी समोरच्या कीबोर्डवर काळी तीन वाजवली. मग पांढरी पाच वाजवली. "तुम्ही यांच्या मध्ये गायलात," त्या म्हणाल्या. "चौदाच्या चौदा जण, बरोब्बर मध्ये. मला कळतच नाही हे जमलं कसं. पण या सुराला नाव नाही. मी कागदावर काय लिहू?"

"असा सूरच नसतो!" बर्ती म्हणाले.

फ्रित्सने खिशातून परिपत्रक काढलं. चष्मा लावला. "कलम सात. 'पट्टी गायकांच्या गळ्याला सोयीची घ्यावी.' कीबोर्डवर असलेलीच घ्यावी, असं इथे लिहिलेलं नाही." मग त्याने परिपत्रकाची घडी घातली. "आणि बाई, मी चौतीस वर्षं जमीन मोजलीय. हद्दीचे दगड दोन असतात. पण दोन दगडांच्या मध्ये असते ती पण जमीनच असते. खरं तर शेत तिथेच असतं."

 शेजारचे दोन परीक्षक हसू लागले, मग परीक्षकबाईही हसल्या, आणि तक्रारअर्जावर त्यांनी आडवी रेघ ओढली.

नऊ नंबर पहिला आला. ढाल इतकी मोठी होती की ती घरी न्यायला भाड्याच्या मिक्रोलेट गाडीतली एक सीट तिला द्यावी लागली आणि डोल्फी दारात लोंबकळत आला. सगळा रस्ता ती गाडी गात होती. ड्रायव्हरने त्याचा रेडिओ बंद केला, आणि तोमोहोनचा ड्रायव्हर रेडिओ बंद करतो ही काही साधी गोष्ट नव्हे.

एंची डीचे फ्रित्सशेजारी बसल्या होत्या. गडबडीत त्या हळूच म्हणाल्या, "तुझ्या मशिनचा सूर चुकीचा होता, ठाऊक आहे ना?"

फ्रित्सचा चेहरा उतरला. "तुम्हाला कधी कळलं?"

"पहिल्याच दिवशी. सूर बघायचा काटा माझ्या पर्समध्ये असतो."

"मग बोलला का नाहीत, एंची? मी सगळ्यांना छातीठोकपणे सांगत सुटलो होतो..."

एंचींनी खिडकीबाहेर बघितलं. बाहेर फुलांची दुकानं मागे जात होती. "हे गेल्यापासून मीच ते गाणं हळू करत गेले. दर वर्षी थोडं थोडं. ते असते तर काठी आपटून ओरडले असते, 'अरे, पीक आलंय, कुणी मेलं नाहीये!' परवा तुझ्या फोनवर ऐकलं आणि वाटलं, हा वेग ओळखीचा आहे." त्यांनी नाक पुसलं. "सूर तुझा चुकला, फ्रित्स. गाणं बरोबर आलं."

 फ्रित्सने ढाल जरा सरकवून त्यांना ऐसपैस जागा करून दिली.

दुसऱ्या दिवशी सकाळी युल्चेने टेबल मोकळं करायला सांगितलं. तो लॅपटॉप उचलणार एवढ्यात पडद्यावर पाटी आली : "आवाजाच्या लायब्ररी फाइलमध्ये दोष आढळला आहे. दुरुस्त करायचा का?" या वेळी खाली दोन बटणं होती.

फ्रित्स खुर्ची ओढून बसला. चष्मा पुसून त्याने पाटी शेवटपर्यंत वाचली. मग ताठ बसून, चौतीस वर्षं ज्या बोटाने त्याने निकाल दिले होते त्याच बोटाने, "नाही" दाबलं.